प्रकरण चौदा : श्रमसेवेचा तक्ता

मुंगीचा अर्ज मोठ्या बाईंनी पाच दिवसांत सात वेळा वाचला होता, आणि सातही वेळा त्यांच्या हातातलं लाल पेन तसंच्या तसं खाली आलं होतं. आठवीतल्या पोरीने मुख्याध्यापिकेला अर्ज लिहावा आणि मुख्याध्यापिकेला त्यात खूण करायला एक जागा सापडू नये, हे त्यांच्या तेवीस वर्षांच्या नोकरीत घडलं नव्हतं. त्यातून ती पोरगी म्हणजे सख्ख्या भावाची मुलगी.

‘विषय : शौचालय साफ करण्यास नकार देत असल्याबाबत.’ खाली शिक्षण खात्याच्या नियमावलीतली पाच कलमं, आकड्यांसकट. आपला वर्ग, आपलं बाक आवरायला मुलांना सांगता येतं. शौचालय, गटार, अ‍ॅसिडचं काम सांगता येत नाही. शिक्षा म्हणून तर नाहीच. नकार दिला म्हणून हजेरी, गुण किंवा परीक्षा अडवता येत नाही. नेमलेल्या कर्मचाऱ्याच्या जागी विद्यार्थ्यांना राबवता येत नाही. ‘सबब माझे परीक्षेचे प्रवेशपत्र तात्काळ द्यावे, ही विनंती.’ आणि सहीखाली बारीक अक्षरात : ‘ता. क. आत्या, रविवारी जेवायला येतेयस ना?’

येतच होत्या. दर रविवारी येत. फक्त या रविवारी पर्समध्ये तो अर्ज होता आणि त्याच्या घडीत मुंगीचं प्रवेशपत्र, सही न केलेलं. सोमवारी सकाळी नऊला वार्षिक परीक्षा सुरू होत होती. श्रमसेवेचे वर्षाचे वीस शिक्के पूर्ण नसतील त्याला प्रवेशपत्र नाही, हा शाळेचा नियम. मुंगीचे एकोणीस झाले होते. विसावा मंगळवारी मागच्या शौचालयांत मिळायचा होता, आणि तिथल्या दारातच तिने ब्रश खाली ठेवून ‘मी हे करणार नाही’ असं शांतपणे सांगितलं होतं. तिचं बघून तिघांनी ठेवले. असे चार.

दार धाकट्याने उघडलं. कोर्टाच्या फाटकाबाहेर टाइपरायटर मांडून लोकांचे अर्ज लिहून देणं हा त्याचा धंदा. वीस वर्षं हेच केल्याने तो घरातही अर्जाच्याच भाषेत बोलायचा.

“अर्जदार आत आहे,” तो म्हणाला. “मी सांगून ठेवतो ताई, मसुद्याला मी हात लावलेला नाही. तिने लिहिला, मी फक्त वाचला.”

“आणि?”

“आणि काय. एक शब्द इकडचा तिकडे करता येणार नाही.” त्याचा चेहरा मुलीला पहिलं बक्षीस मिळाल्यासारखा झाला होता. बाईंना तो चेहरा अजिबात आवडला नाही.

बैठकीच्या खोलीत बाबा खिडकीजवळच्या खुर्चीत कालचं वर्तमानपत्र वाचत बसले होते. अठ्ठ्याहत्तर वर्षांचे, कान शाबूत, कंबर गेलेली. सव्वीस वर्षं त्यांनी बाईंच्याच शाळेत सफाईचं काम केलं होतं. सगळी शाळा त्यांना मामा म्हणायची. आज जे स्वतः आईबाप झालेत, ते रस्त्यात भेटले की अजून म्हणतात. बाबांनी मान वर करून “आलीस?” म्हटलं आणि पुन्हा पेपरात घातली. हे भांडण पाच दिवस घरात चाललं होतं आणि पाच दिवसांत त्यांनी त्यावर एक अक्षर काढलं नव्हतं. बाबा दुखावले आहेत, असा बाईंनी त्याचा अर्थ लावला होता. ज्या कामावर दोन पोरं शिकवली, त्या कामाला नातीने नाक मुरडलं तर माणूस दुखावणारच.

भावजय मटार सोलत बसली होती. ती दवाखान्यात परिचारिका. रविवार तिचा सुट्टीचा, म्हणजे जास्त कामाचा. बाई तिच्या शेजारी बसल्या आणि न सांगता शेंगा सोलायला लागल्या.

“ताई, माझं तुमच्यासारखंच मत आहे,” भावजय म्हणाली. “मी तिला म्हटलं, एक दिवस घास आणि मोकळी हो. घरी नाही का घासत?”

“घरी कोण कोण जातं ते मला माहीत आहे,” आतून मुंगीचा आवाज आला. “शाळेत चारशे जण जातात.”

“बाहेर येऊन बोल,” बाई म्हणाल्या.

मुंगी बाहेर आली. जन्मली तेव्हा एवढीशी होती म्हणून हे नाव पडलं. आता बापाच्या खांद्याला लागत होती, पण नाव बदलायचं कुणाच्या डोक्यात आलं नाही. तिच्या हातात भूगोलाचं पुस्तक होतं. परीक्षेला बसू देणार की नाही याचा पत्ता नसताना ती भूगोल करत होती, हे बघून बाईंना पहिल्यांदा जरा कसंसंच झालं. त्यांनी ते मटारच्या सालांबरोबर बाजूला टाकलं.

“एकोणीस शिक्के होईपर्यंत तुला कलमं आठवली नाहीत?”

“एकोणीस वेळा वर्ग झाडला, फळा पुसला, बागेला पाणी घातलं. ते चालतं, कलम दोन. शौचालय या वर्षी पहिल्यांदाच आलं. आठवीपासून असतं.”

“मी मोठी बाई झाल्याला नऊ वर्षं झाली, तुझ्याआधी कुणालाच त्रास झाला नाही. तुलाच झाला.”

“झाला असेल की. अर्ज लिहिता आला नसेल.”

धाकट्याने खिडकीबाहेर बघत हसू गिळलं. भावजयने त्याच्याकडे डोळे वटारून पाहिलं. बाबांनी पेपरचं पान उलटलं.

“हे बघ,” बाई शाळेतल्या आवाजात म्हणाल्या, “कलमात काय लिहिलंय ते मला कळतं. मीही वाचलंय. पण शाळेत सफाईला माणूस नाही. खात्याने पदच दिलेलं नाही. मी काय करू? चारशे मुलांची शौचालयं तशीच ठेवू? मग तूच दुसरा अर्ज लिहिशील, शौचालये अस्वच्छ असल्याबाबत.”

“तो पण लिहिता येतो,” मुंगी म्हणाली. “कलम नऊ.”

“ताई, मुद्दा बरोबर आहे तिचा,” धाकटा म्हणाला. “पद नसेल तर पद मागायचं. तू कधी मागितलंस?”

उत्तर ‘नाही’ असं होतं. मागायची वेळच आली नव्हती. श्रमसेवा ही त्यांच्या शाळेची शान होती. दुसऱ्या शाळांचे मुख्याध्यापक बघायला येत. ऑफिसात त्यांच्या खुर्चीमागे बाबांच्या हातचा मूळ तक्ता चौकटीत लावलेला होता : कोणत्या वारी कोणत्या वर्गाने काय करायचं, पट्टीने आखलेल्या रकान्यांत, गोल गोल अक्षरात. पाहुणे आले की बाई सांगत, ‘आमच्या मामांनी तेवीस वर्षांपूर्वी मुलांना श्रमाची गोडी लावली, त्याची ही सुरुवात.’ दर वर्षी सर्वांत जास्त शिक्के मिळवणाऱ्याला मामा श्रमगौरव पुरस्कार असे, म्हणजे लाकडाच्या ठोकळ्यावर उभा केलेला, सोनेरी रंग दिलेला छोटा झाडू. तो द्यायला बाबांना व्यासपीठावर बोलावत. बाबा इस्त्रीचा शर्ट घालून येत, झाडू देत, टाळ्या वाजवत आणि घरी जात.

मटार संपले. बाईंनी मुंगीला खुणेने स्वयंपाकघरात नेलं आणि दार लोटून घेतलं. पर्समधून प्रवेशपत्र काढलं, ओट्यावर ठेवलं आणि पेनाचं टोपण उघडलं.

“मी सही करते,” त्या हळू आवाजात म्हणाल्या. “आत्या म्हणून करते, मोठ्या बाई म्हणून नाही. विसावा शिक्का मी मारून टाकीन. कुणाला सांगायचं नाही. तू परीक्षा दे, तुझं वर्ष वाया गेलेलं मला बघवणार नाही.”

हे त्यांनी मनापासून म्हटलं. ही पोरगी तापाने फणफणली असताना त्यांनी दोन आठवडे रजा काढली होती. तिचं वर्ष जाईल या विचाराने पाच दिवस त्यांच्या घशाखाली घास उतरत नव्हता, आणि शाळेत हे कुणाला दिसू नये म्हणून त्या नेहमीपेक्षा जास्त ओरडत होत्या.

मुंगीने प्रवेशपत्राकडे पाहिलं. हात पुढे केला, मग पाठीमागे नेला.

“बाकीच्या तिघांचं?”

“त्यांचे आईवडील येऊन भेटतील. माफी लिहून देतील.”

“एकाने दिली, प्रवेशपत्र अजून मिळायचंय. त्याच्या वडिलांनी आधी त्याला मारलं, मग लिहायला लावली. मी घेतलं तर तो म्हणेल, तुझी आत्या होती म्हणून.” तिचा आवाज आता जरा कापत होता. “तो खरंच बोलेल ना गं, आत्या?”

दार ढकलून भावजय आत आली. तिच्या हातात मटारचं पातेलं होतं. ते तिने शेगडीवर ठेवलं, शेगडी पेटवली नाही आणि दोघींकडे पाठ करून उभी राहिली.

“ताई, मघाशी मी तुमच्या बाजूने बोलले ते मागे घेते.”

“काय झालं?”

“मागच्या वर्षी दवाखान्यात एक मुलगी आली होती. तुमच्याच शाळेची, नववीतली. हात भाजलेला, इथपासून इथपर्यंत.” तिने मनगटापासून कोपरापर्यंत बोट फिरवलं. “अ‍ॅसिडची बाटली निसटली. पट्टी मीच बांधली. आईने लिहायला सांगितलं, घरी भाजलं. मीही तेच लिहिलं. म्हटलं, नणंदेची शाळा आहे, आपण कशाला तोंड उघडायचं.”

“मला कुणी सांगितलं नाही,” बाई म्हणाल्या.

“तुम्हाला कोण सांगणार? तुम्ही दर शनिवारी प्रार्थनेला सांगता, श्रमाने कुणाचं वाईट झालं नाही. मुलं घरी येऊन पाठ म्हणून दाखवतात.” मग तिने शेगडी पेटवली. “जेवायला बसा. भात झालाय.”

सगळे जेवायला बसले. भांड्यांचे आवाज तेवढे मोठे झाले. धाकटा एरवी जेवताना कोर्टातल्या गमती सांगायचा, पण आज त्याच्याकडे गंमत नव्हती. बाईंना कळून चुकलं होतं, की सकाळी इथे दोघं विरुद्ध दोघं होती आणि आता त्या एकट्या पडल्या आहेत. एकटा पडलेला माणूस हाताला लागेल ते फेकतो. बाईंच्या हाताला बाबा लागले.

“तुला लाज वाटते,” त्या मुंगीला म्हणाल्या. घास हातातच होता. “सरळ सांग ना, कलमं कशाला पुढे करतेस? तुझ्या आजोबांनी सव्वीस वर्षं तीच शौचालयं घासली. हिवाळ्यात, पावसात, अंगात ताप असताना. त्यावर तुझा बाप शिकला, मी शिकले, मी त्याच शाळेची मुख्याध्यापिका झाले. आणि तुला एक दिवस ब्रश धरायला कमीपणा वाटतो. त्यांच्यासमोर बसून सांग, की तुला या कामाची लाज वाटते.”

मुंगीचा चेहरा लालबुंद झाला. तिने पाण्याचा पेला उचलला, प्यायली नाही, ठेवला.

“मला लाज वाटत नाही. आजोबांना त्या कामाचा पगार होता. रजा होती. त्यांना कुणी परीक्षेला बसू देणार नाही म्हणून धमकावलं नव्हतं.” आणि मग ती रडायलाच लागली. “मला आजोबांची लाज वाटते असं तू कसं म्हणालीस?”

“ताई, हे बरं नाही केलंस,” धाकटा म्हणाला. पहिल्यांदाच तो माणसासारखं बोलला, अर्जासारखं नाही.

बाबांनी ताट पुढे सरकवलं. रुमालाला हात पुसले, प्रत्येक बोट वेगळं.

“ते कर्मचाऱ्याच्या जागी मुलं, असं काहीतरी आहे ना त्यात?” त्यांनी मुंगीला विचारलं. “ते कलम वाच.”

मुंगीला वाचायची गरज नव्हती. रडत रडतच तिने म्हणून दाखवलं. “नेमलेल्या कर्मचाऱ्याच्या जागी, त्याच्या रजेच्या काळात अथवा पद रिक्त असताना, विद्यार्थ्यांकडून ते काम करून घेता येणार नाही. कलम सात.”

“रजेच्या काळात,” बाबा म्हणाले. “असं लिहिलंय? तेव्हाही होतं हे?”

“नियमावली तीस वर्षांपूर्वीची आहे, आजोबा.”

“मला कुणी दाखवली नाही.” ते मुलीकडे वळले. “तो तक्ता, तुझ्या खुर्चीमागचा. तो मी का लिहिला, माहीत आहे तुला?”

“मुलांना कामाची सवय लागावी म्हणून,” बाई म्हणाल्या. हे वाक्य त्यांनी इतक्यांदा म्हटलं होतं की ते आपोआप बाहेर आलं.

“माझी कंबर गेली होती म्हणून. आठ आठवडे मी पडून होतो. जुने मुख्याध्यापक घरी आले, फळं घेऊन. म्हणाले, मामा, तुम्ही आराम करा, पंधरा दिवस मुलं सांभाळतील. कुठे काय करायचं ते फक्त लिहून द्या, तुमच्याएवढं कुणाला माहीत नाही. मला बरं वाटलं. पडल्या पडल्या पट्टी घेऊन आखला. लहान वर्गांना फक्त फडकी दिली, बादली नाही. मोठ्यांना अंगण दिलं. चुका होऊ नयेत म्हणून दोनदा लिहिला.” त्यांनी रुमालाची घडी घातली. “मी इतका चांगला लिहिला, की माझी गरजच राहिली नाही.”

त्यांनी पेला उचलून पाण्याचा एक घोट घेतला.

“परत गेलो तर मला घंटा वाजवायला बसवलं. म्हणाले, कमरेला सांभाळा, तात्पुरतं आहे. दोन वर्षांनी कागद आला, की सफाई विद्यार्थी करतात, सबब पदाची आवश्यकता नाही. निवृत्त होईपर्यंत घंटाच वाजवली. तासातासाला घंटा वाजवायची आणि मधल्या वेळात माझं काम पोरं करताना बघत बसायचं. नीट करत नव्हती. कोपरे सोडायची.”

“बाबा, तुम्ही मला कधीच सांगितलं नाहीत,” बाई म्हणाल्या. आवाज शाळेतला राहिला नव्हता.

“तू त्याच महिन्यात तिथे लागली होतीस. तात्पुरती. तुझा कागद दर वर्षी त्याच टेबलावर सहीला जायचा.” ते हे अगदी साध्या आवाजात बोलले. “मी तोंड उघडलं असतं तर तुझं काय झालं असतं? नंतर तू कायम झालीस, मग मोठी बाई झालीस, आणि एक दिवस तो तक्ता चौकटीत लावलास. मला बोलावलंस बघायला. इतकी खूश होतीस. आता तिला काय सांगायचं, म्हटलं.”

“आणि तुम्ही दर वर्षी तो झाडू द्यायला येत होता.”

“तू बोलावायचीस.”

बाईंना हुंदका आला आणि तो त्यांनी पाण्याबरोबर गिळायचा प्रयत्न केला. तो गिळला गेला नाही. भावजयने उठून त्यांच्या पाठीवर हात ठेवला.

“त्याच्याखाली एक ओळ होती,” बाबा म्हणाले. “तक्त्याच्या तळाशी. चौकटीत दिसत नाही.”

ती ओळ बाईंना माहीत होती. म्हणजे, तिथे काहीतरी होतं हे माहीत होतं. चौकट लहान पडली होती. चौकटवाल्याने विचारलं, खाली पुसट काहीतरी लिहिलंय, दुमडू का? बाई तेव्हा घाईत होत्या. दुमडा, म्हणाल्या. कामगाराची एखादी सूचना असेल, ब्रश कुठे ठेवायचे वगैरे. त्यांनी वाचलीसुद्धा नाही.

“काय होतं त्यात?” मुंगीने विचारलं.

“शौचालयं कोणी घासू नयेत. मी आल्यावर घासेन.”

बाई उठल्या, बेसिनवर गेल्या, तोंड धुतलं आणि बराच वेळ नळ चालू ठेवला. परत आल्या तेव्हा त्यांच्या हातात फोन होता. त्यांनी शाळेच्या लिपिकाला फोन लावला. रविवारी दुपारी मोठ्या बाईंचा फोन, म्हणजे लिपिकाची पाचावर धारण बसली असणार.

“चार प्रवेशपत्रं अडवली आहेत ना? तीन तुमच्याकडे आहेत, एक माझ्याकडे. उद्या साडेआठला मी सगळ्यांवर सही करणार. मुलांच्या घरी आत्ता फोन करून कळवा. शिक्के? शिक्के उद्यापासून बंद. हो, सगळ्या वर्गांचे. ज्या मुलाने माफी लिहून दिली, ती चिठ्ठी मला परत हवी, मी त्याला स्वतःच्या हाताने देणार आहे. आणि उद्यापुरता रोजावर एक माणूस बघा, शौचालयांसाठी. नाही, मुलं नाहीत. नाही म्हटलं ना.”

फोन ठेवून त्या म्हणाल्या, “नाहीच मिळालं कुणी, तर उद्या मी करीन.”

“तू नाही,” बाबा म्हणाले. “ते काम येणाऱ्याला दे. तू कोपरे सोडशील.”

मुंगी डोळे पुसता पुसता हसली. प्रवेशपत्रावर बाईंनी जेवणाच्या टेबलावरच सही करून ते तिच्या भूगोलाच्या पुस्तकात ठेवलं. त्यानंतर त्या धाकट्याकडे वळल्या.

“तुझा टाइपरायटर कुठेय?”

धाकटा इतक्या वेगाने उठला की खुर्ची पडली. पंचेचाळीस वर्षांच्या आयुष्यात ताईने त्याच्याकडे कधी अर्ज लिहायला दिला नव्हता. तिचे अर्ज ती स्वतः लिहायची आणि त्याचे तपासायची. टेबल पुसून त्याने यंत्र मांडलं, कागद चढवला, बोटं मोडली.

“प्रति, शिक्षण अधिकारी,” तो स्वतःशीच पुटपुटत टाइप करू लागला. “विषय : सफाई कामगाराचे पद पुन्हा मंजूर करण्याबाबत. विद्यार्थिसंख्या?”

“चारशे बारा.”

“शौचालये?”

“चौदा,” बाई म्हणाल्या.

“सोळा,” बाबा म्हणाले. “जिन्याखालची दोन तुम्ही कुलूप लावून ठेवलीत. ती पण धरा. एका माणसाला सोळा होत नाहीत, दोन मागा. हातमोजे कोपरापर्यंतचे. आणि अ‍ॅसिड नको, साबणाने निघतं. वेळ लागतो, पण निघतं.”

भावजय म्हणाली, “हातमोज्यांचं ठळक लिहा.” मुंगीने कलम सात घालायला लावलं. धाकटा सगळं घेत गेला. अर्ज दीड पान झाला आणि मग यंत्र थांबलं.

“पद इतकी वर्षं बंद का राहिलं, याचं कारण द्यावं लागतं. त्याशिवाय वर सरकत नाही.” त्याने डोकं खाजवलं. “प्रशासकीय कारणास्तव, असं टाकू? सगळे तेच टाकतात.”

बाईंनी बाबांकडे पाहिलं. “बाबा, काय लिहू?”

बाबांनी विचार केला. त्यांना असं काही कुणी विचारल्याला बरीच वर्षं झाली असावीत, कारण त्यांनी पुरेपूर वेळ घेतला.

“लिही, माणूस होता. त्याला आजारपणात घरी बसवलं आणि त्याचं काम पोरांकडून करून घेतलं.”

“कुणी करून घेतलं, हे विचारतील,” धाकटा हळूच म्हणाला. त्याने यंत्रावरून हात काढून घेतले होते. “ताई, नीट विचार कर. हे कागदावर गेलं की चौकशी लागते. मी रोज बघतो. नऊ वर्षांची चौकशी म्हणजे तुझी खुर्ची जाऊ शकते. प्रशासकीय म्हटलं तर पदही मिळेल आणि तूही सुटशील.”

आतापर्यंत कलमांचं बोट सोडायला तयार नसलेली मुंगीसुद्धा म्हणाली, “आत्या, तेवढं नको लिहूस. प्रवेशपत्रं मिळाली ना.”

“नववीतल्या त्या मुलीचा हात भाजलाय,” बाई म्हणाल्या. “लिही. पहिली चौदा वर्षं माझ्या आधीच्या मुख्याध्यापकांनी. पुढची नऊ वर्षं मी.”

“‘मी’ असंच?”

“असंच.”

यंत्राचा खडखडाट सुरू झाला आणि थांबला. धाकट्याने कागद काढून बहिणीसमोर ठेवला. त्यांनी सही केली, खाली हुद्दा लिहिला, तारीख घातली. घडी घालायला गेल्या तेव्हा बाबा म्हणाले, “वाचून दाखव.”

बाई उभ्या राहिल्या. चारशे मुलांसमोर कागदाशिवाय बोलणाऱ्या बाईंना दीड पान वाचायला बराच वेळ लागला. ‘प्रति’पासून त्यांनी सगळं वाचलं, सोळा शौचालयं, हातमोजे, साबण, कलम सात. ‘पुढची नऊ वर्षं मी’ इथे आवाज फुटला. त्या थांबल्या आणि ती ओळ पुन्हा पहिल्यापासून वाचली. बाबा गुडघ्यांवर हात ठेवून, मान खाली घालून ऐकत होते. 

“हं,” शेवटी ते म्हणाले. “आता बरोबर आहे.”